'सँग्विन' (sanguine) या इंग्रजी विशेषणाविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

सांगली, मिरज, तासगाव, कराड आणि सातारा येथून या एकाच शब्दाविषयी सतत प्रश्न येत असतात. विचारणाऱ्यांमध्ये स्पर्धा परीक्षांचे विद्यार्थी आहेत, मिरजेच्या रुग्णालयांतील परिचारिका आहेत, दिवाणी न्यायालयात काम करणारे वकील आहेत, चित्रकलेचे विद्यार्थी आहेत आणि संस्थानकाळातील इंग्रजी पत्रव्यवहार मराठीत आणणारे अभ्यासकही आहेत. प्रत्येकाला हा शब्द वेगळ्या अर्थाने भेटतो आणि आपल्याला भेटलेला अर्थ तेवढाच खरा, असे वाटून गोंधळ होतो. म्हणून नेहमीचे प्रश्न येथे क्रमाने घेतले आहेत. एकाच गोष्टीची दोनदा चर्चा करण्याऐवजी संबंधित प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. 'सँग्विन' म्हणजे नेमके काय, हे थोडक्यात सांगता येईल का?

आजच्या इंग्रजीत या विशेषणाचा मुख्य अर्थ 'एखादी गोष्ट चांगलीच होईल अशी मनापासून उमेद बाळगणारा' असा आहे. परिस्थिती फारशी अनुकूल नसतानाही जो अशी उमेद धरतो, त्याच्याविषयी हा शब्द विशेष करून वापरला जातो. याखेरीज 'रक्तासारखा लाल', 'चेहऱ्यावर लाली असलेला' आणि 'रक्तप्रधान प्रकृतीचा' हे तीन जुने अर्थ आहेत. ते रोजच्या बोलण्यातून गेले असले, तरी साहित्य, चित्रकला आणि जुनी कागदपत्रे यांत अजून टिकून आहेत. या सर्व अर्थांचे मूळ 'रक्त' या अर्थाच्या 'सँग्विस' या लॅटिन शब्दात आहे. लॅटिनमधून तो जुन्या फ्रेंचमध्ये आणि तेथून चौदाव्या शतकाच्या सुमारास इंग्रजीत आला.

२. उच्चार 'सँग्विन' करावा की 'सँग्वाइन'?

'सँग्विन' हाच उच्चार योग्य आहे. जोर पहिल्या अवयवावर पडतो आणि शब्दाचा शेवट 'पेंग्विन'सारखा होतो. शेवटच्या तीन अक्षरांकडे पाहून 'वाइन'ची आठवण होते आणि चूक घडते. परंतु 'मेडिसिन', 'जेन्युइन', 'फेमिनिन' या शब्दांच्या शेवटीही तीच अक्षरे आहेत आणि त्यांचा उच्चार 'इन' असाच होतो.

३. रक्त आणि आशा यांचा परस्परांशी संबंध तरी काय?

सर्वांत अधिक विचारला जाणारा प्रश्न हाच आहे आणि याचे उत्तर समजले की पुढील बहुतेक प्रश्नांची उकल आपोआप होते. प्राचीन ग्रीक वैद्यक परंपरेत, विशेषतः हिप्पोक्रेटसच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या लेखनात, माणसाच्या शरीरात रक्त, कफ, पिवळे पित्त आणि काळे पित्त असे चार द्रव असतात, असे मानलेले आहे. दुसऱ्या शतकात पर्गमम येथे जन्मलेल्या गेलन या वैद्याने या विचाराला पद्धतशीर रूप दिले. पुढे अरब आणि युरोपीय वैद्यकाने हजार वर्षांहून अधिक काळ त्याचाच आधार घेतला. द्रवांचे प्रमाण बिघडले की रोग होतो आणि ज्या द्रवाचे आधिक्य असते त्यानुसार माणसाचा स्वभाव ठरतो, अशी ही उपपत्ती होती. काळ्या पित्ताचा माणूस उदास, पिवळ्या पित्ताचा माणूस तापट, कफाचा माणूस संथ आणि रक्ताचा माणूस उत्साही. इंग्रजीतील 'मेलँकॉलिक', 'कॉलरिक', 'फ्लेग्मॅटिक' आणि 'सँग्विन' ही चार विशेषणे अशी एकाच कुळातील आहेत.

रक्त हे उष्ण आणि आर्द्र मानले गेले. त्याचे नाते वायू या तत्त्वाशी आणि वसंत ऋतूशी जोडले गेले. ज्याच्या अंगात रक्त भरपूर, त्याचा चेहरा तजेलदार आणि लालसर, त्याची भूक चांगली, मन उदार, बोलणे मोकळे आणि वृत्ती धाडसी, असे वर्णन या परंपरेत येते. असा माणूस वाईटाची कल्पना सहसा करत नाही आणि उद्याचा दिवस चांगलाच जाईल, असे धरून चालतो. लाल रंगाकडून प्रकृतीकडे, प्रकृतीकडून स्वभावाकडे आणि स्वभावाकडून आशेकडे असा अर्थाचा प्रवास झाला. 'आशा बाळगणारा' हा अर्थ सोळाव्या शतकाच्या आरंभापासून रुळलेला दिसतो.

विल्यम हार्वी यांनी १६२८ मध्ये रक्ताभिसरणाविषयीचे आपले संशोधन प्रसिद्ध केले आणि १८५८ मध्ये रूडोल्फ फिरखो यांनी रोगाचे मूळ पेशींमध्ये शोधण्याचा सिद्धान्त मांडला. त्यानंतर चार द्रवांच्या उपपत्तीला वैद्यकात स्थान उरले नाही, परंतु तिने दिलेली विशेषणे मात्र भाषेत राहिली.

४. हे चार द्रव म्हणजे आपले वात, पित्त आणि कफच का?

साम्य आहे, परंतु दोन्ही व्यवस्था एक नाहीत. आयुर्वेदात तीन दोष मानले आहेत आणि रक्त हा दोष नसून सात धातूंपैकी एक आहे. सुश्रुतसंहितेत मात्र शल्यकर्माच्या दृष्टीने रक्ताला तीन दोषांच्या जोडीने महत्त्व दिलेले आढळते. त्यामुळे 'सँग्विन' या शब्दाला 'पित्तप्रकृती' किंवा 'वातप्रकृती' असा प्रतिशब्द देणे चुकीचे ठरते. ग्रीक परंपरेच्या संदर्भात भाषांतर करायचे असल्यास 'रक्तप्रकृती' किंवा 'रक्तप्रधान प्रकृती' हाच शब्द स्वीकारावा.

खरे जवळचे नाते युनानी वैद्यकाशी आहे, कारण युनानी परंपरा गेलनच्याच विचारावर उभी आहे. तेथे रक्ताला 'दम' म्हणतात आणि रक्तप्रधान स्वभावाला 'दमवी मिजाज' असे नाव आहे. 'मिजाज' या अरबी शब्दाचा मूळ अर्थ मिश्रण, म्हणजे द्रवांचे मिश्रण, असा आहे. हाच शब्द मराठीत 'मिजास' होऊन केवळ ताठा किंवा ऐट या अर्थाने राहिला, ही नोंद येथे केल्यावाचून राहवत नाही. आदिलशाहीत दीर्घकाळ असलेल्या मिरजेसारख्या गावात या शब्दाचे मूळ रूप केव्हा तरी हकिमांच्या बोलण्यात असणार, हे सहज पटण्यासारखे आहे.

५. 'ऑप्टिमिस्टिक' हा सोपा शब्द असताना 'सँग्विन' कशाला वापरायचा?

दोन्ही शब्द एकमेकांच्या जवळ आहेत. तरीही ते सरसकट अदलाबदल करण्यासारखे नाहीत. 'ऑप्टिमिस्टिक' हा शब्द विचारांती बनलेल्या दृष्टिकोनाविषयी, आकडेवारीवर आधारलेल्या अंदाजाविषयी किंवा एकूण जीवनदृष्टीविषयी वापरता येतो. 'सँग्विन'मध्ये स्वभावाचा भाग अधिक असतो. कारणे हाताशी असोत किंवा नसोत, मनाची ठेवणच अशी असते की भरवसा वाटतो. म्हणूनच 'ओव्हर-सँग्विन' असाही प्रयोग होतो आणि त्यात जोखमीकडे दुर्लक्ष झाल्याची सूचना असते.

तासगावच्या एखाद्या द्राक्ष बागायतदाराचे उदाहरण घेऊ. फळछाटणीनंतर हवामान साथ देत आहे, घड भरपूर आहेत आणि व्यापाऱ्यांची विचारणाही सुरू झाली आहे, म्हणून त्याला चांगल्या दराची अपेक्षा असेल, तर तो 'ऑप्टिमिस्टिक' आहे. फुलोऱ्यात अवकाळी पाऊस झाला, दावण्याचा प्रादुर्भाव दिसू लागला, शेजारच्या बागा गेल्या, तरीही 'आपली बाग निघेल आणि बेदाणा तरी होईलच' असे तो मनापासून म्हणत असेल, तर त्याला 'सँग्विन' हे विशेषण चपखल बसते. केवळ भाषा भारदस्त दिसावी म्हणून पहिल्या प्रसंगी दुसरा शब्द घालू नये, असे माझे स्पष्ट मत आहे.

६. या विशेषणानंतर कोणते शब्दयोगी अव्यय येते?

आज सर्वाधिक प्रचारात 'अबाउट' आहे: 'सँग्विन अबाउट द क्रॉप', म्हणजे पिकाविषयी उमेद बाळगून. एकोणिसाव्या शतकातील लेखनात 'ऑफ' वारंवार येते. 'सँग्विन ऑफ सक्सेस' हा त्या काळचा ठरावीक प्रयोग होता आणि आज तो जुनाट वाटतो. संपूर्ण वाक्यांश जोडायचा असल्यास 'दॅट' वापरतात. नामाच्या आधी येताना हे विशेषण बहुधा माणसाऐवजी मताला किंवा अंदाजाला लागते. 'सँग्विन व्ह्यू', 'सँग्विन असेसमेंट' ही त्याची उदाहरणे आहेत. तुलनेसाठी 'मोअर' आणि 'लेस' यांचा उपयोग होतो. भाववाचक नाम 'सँग्विनिटी' आणि क्रियाविशेषण 'सँग्विनली' ही रूपे व्याकरणदृष्ट्या शुद्ध आहेत, परंतु क्वचितच वापरली जातात.

७. वृत्तपत्रांत हा शब्द बहुधा 'नॉट'बरोबरच का दिसतो?

हे निरीक्षण अचूक आहे. अग्रलेख, अर्थविषयक लेख आणि शासकीय निवेदने यांत 'नॉट सँग्विन', 'लेस सँग्विन', 'फार फ्रॉम सँग्विन' असे नकारात्मक प्रयोग फार आढळतात. त्याचे कारण शिष्टाचारात आहे. 'आम्हाला भीती वाटते' किंवा 'हे होणार नाही' असे थेट म्हणण्यापेक्षा 'आम्ही फारसे आश्वस्त नाही' असे म्हणणे अधिकाऱ्याला आणि अर्थतज्ज्ञाला सोयीचे असते. त्यात अंदाज प्रतिकूल असल्याचे कळते, पण लेखक टोकाचे विधान करत नाही.

कृष्णेच्या पाणीपातळीच्या संदर्भात हा प्रयोग कसा वाचावा ते पाहा. सांगलीत आयर्विन पुलाजवळ ४० फूट ही इशारा पातळी आणि ४५ फूट ही धोका पातळी मानली जाते. पाणी ४३ फुटांवर आहे, कोयना धरणातून विसर्ग चालू आहे आणि अशा वेळी इंग्रजी बातमीत 'अधिकारी पाणी लवकर ओसरण्याबाबत सँग्विन नाहीत' या आशयाचे वाक्य आले, तर त्याचा व्यवहारातील अर्थ 'पाणी वाढण्याची शक्यता धरून तयारी करा' असा होतो. 'अधिकारी आशावादी नाहीत' असे शब्दशः भाषांतर केल्यास नदीकाठच्या वाचकाला मोघम काहीतरी वाचल्यासारखे वाटेल आणि इशाऱ्याची धार निघून जाईल. तेथे 'पाणी लवकर ओसरेल असे अधिकाऱ्यांना वाटत नाही' एवढे सरळ लिहावे.

८. 'सँग्विन' आणि 'सँग्विनरी' यांत फरक आहे का? परीक्षेत दोन्ही पर्याय दिले होते.

फार मोठा फरक आहे आणि परीक्षक हा सापळा जाणूनबुजून लावतात. 'सँग्विनरी' म्हणजे रक्तपाताचा, रक्तरंजित किंवा रक्तपिपासू. लढाई, कत्तल आणि क्रूर कायदे यांना हे विशेषण लागते. मूळ एकच असूनही एक शब्द आशेकडे गेला आणि दुसरा हिंसेकडे. जुन्या इंग्रजीत 'सँग्विन' हाही क्वचित 'रक्तपिपासू' या अर्थाने आलेला आहे. परंतु आज तो अर्थ लोपला आहे, म्हणून उत्तरपत्रिकेत त्याचा विचार करू नये.

समानार्थी शब्द विचारल्यास 'होपफुल', 'कॉन्फिडंट', 'ऑप्टिमिस्टिक' यांपैकी जो असेल तो निवडावा. 'रडी', म्हणजे लालसर चेहऱ्याचा, हाही पर्याय एखाद्या वेळी असू शकतो आणि तोही बरोबर ठरतो. विरुद्धार्थी म्हणून 'पेसिमिस्टिक', 'ग्लूमी', 'डिस्पॉन्डन्ट' हे शब्द येतात.

९. मराठीत याला एकच नेमका प्रतिशब्द सुचवाल का?

एकच प्रतिशब्द सुचवणे योग्य होणार नाही. कोशांत 'आशावादी' हा शब्द प्रथम येतो, पण त्यातील 'वादी' या पदामुळे एखाद्या कायमच्या विचारसरणीचा भास होतो आणि 'सँग्विन' तर पुष्कळदा एखाद्या विशिष्ट गोष्टीपुरताच असतो. माझी पसंती 'उमेद' या शब्दाला आहे. तो आपल्या बोलण्यात मुरलेला आहे आणि प्रतिकूलतेतही टिकणाऱ्या आशेची छटा त्यात आपोआप येते. 'त्याला निकालाविषयी मोठी उमेद होती' हे वाक्य मूळ शब्दाच्या बरेच जवळ जाते. अतिरेक सुचवायचा असल्यास 'भाबडा विश्वास' किंवा 'अवाजवी भरवसा' म्हणावे. नकारात्मक प्रयोगासाठी 'फारशी आशा वाटत नाही', 'भरवसा वाटत नाही' किंवा 'साशंक आहे' यांपैकी जे बसेल ते घ्यावे.

रक्ताशी निगडित असे मराठी वाक्प्रचार येथे वापरण्याचा मोह काहींना होतो. 'रक्त सळसळणे' म्हणजे त्वेष किंवा तारुण्याचा जोम, 'रक्त आटवणे' म्हणजे अपार कष्ट करणे, 'रक्ताचे पाणी करणे' हेही कष्टाचेच. आशेचा अर्थ यांपैकी एकातही नाही, म्हणून भाषांतरात ते आणू नयेत.

परिभाषेचा प्रश्न आपल्या भागाला नवा नाही. साताऱ्याजवळ वाई येथे तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी यांच्या संपादकत्वाखाली मराठी विश्वकोशाचे काम उभे राहिले, तेव्हा इंग्रजी संज्ञांना मराठी पर्याय ठरवणे हा त्या कामाचा मोठा भाग होता. शास्त्रीय संज्ञेला एक ठरलेला प्रतिशब्द हवाच असतो. 'सँग्विन'सारख्या स्वभाववाचक विशेषणाला मात्र संदर्भानुसार वेगवेगळे शब्द द्यावे लागतात.

१०. चित्रकलेच्या साहित्याच्या दुकानात 'सँग्विन' नावाची कांडी मिळते. ती कसली?

ती लालसर तपकिरी रंगाची रेखाटनाची खडूकांडी असते. येथे हा शब्द विशेषण न राहता नाम झाला आहे आणि तो रंग, साधन व त्या साधनाने काढलेले चित्र या तिन्हींसाठी वापरला जातो. लोहाच्या ऑक्साइडमुळे, म्हणजे हेमटाइट या खनिजामुळे, हा रंग येतो. आपल्याकडे तुळशीवृंदावनाला आणि भिंतीला लावला जाणारा गेरू याच कुळातील आहे. 'हेमटाइट' या नावातही रक्तवाचक ग्रीक शब्द दडलेला आहे. युरोपात पंधराव्या आणि सोळाव्या शतकांत हे साधन फार लोकप्रिय झाले. इटलीतील तुरीन येथे असलेले, लिओनार्दो दा विंची यांचे आत्मचित्र समजले जाणारे प्रसिद्ध रेखाटन लाल खडूतीलच आहे. मानवी त्वचेची ऊब या रंगात चांगली उतरते, म्हणून व्यक्तिचित्रणाच्या अभ्यासासाठी विद्यार्थ्यांनी तो अवश्य वापरून पाहावा.

११. इंग्लंडमधील घराण्यांच्या चिन्हांत 'सँग्विन' हा रंग असतो, हे खरे का?

खरे आहे. युरोपीय कुलचिन्हांच्या परिभाषेत गडद रक्तवर्णी रंगाला हे नाव आहे. मात्र तो मुख्य रंगांपैकी नसून अत्यंत विरळ वापरला जाणारा दुय्यम रंग आहे.

१२. रुग्णालयात ड्रेसिंगच्या नोंदीत 'सीरोसँग्विनस' असे लिहितात. त्यात आशेचा काही भाग आहे का?

अजिबात नाही. वैद्यकीय भाषेत या शब्दकुळाचा मूळ अर्थ, म्हणजे रक्त, जसाच्या तसा राहिला आहे. जखमेतून किंवा शस्त्रक्रियेनंतर घातलेल्या नळीतून येणाऱ्या स्रावाचे वर्णन करताना 'सीरस' म्हणजे स्वच्छ किंवा फिकट पिवळसर पातळ स्राव, 'सँग्विनस' म्हणजे रक्ताचा स्राव आणि 'सीरोसँग्विनस' म्हणजे या दोहोंचे मिश्रण असलेला गुलाबी, पातळ स्राव. पू असल्यास 'प्युरुलंट' लिहितात. मिरजेच्या परिचारिकांकडून येणारी शंका बहुधा नातेवाइकांना काय सांगायचे, याविषयी असते. त्यांना 'रक्तमिश्रित पातळ पाणी येत आहे' असे सांगितल्यास पुरेसे स्पष्ट होते. 'एक्स्सँग्विनेशन' हा शब्द मात्र गंभीर आहे. जीव धोक्यात येईल किंवा जाईल इतका रक्तस्राव, असा त्याचा अर्थ आहे.

१३. गरोदरपणाच्या तपासणीच्या अर्जावर 'कन्सँग्विनियस मॅरेज' असा रकाना असतो. तेथे काय लिहावे?

पती आणि पत्नी एकमेकांचे रक्ताचे नातेवाईक आहेत का, एवढेच तेथे विचारलेले असते. 'कन्' म्हणजे सह आणि 'सँग्विस' म्हणजे रक्त. म्हणून 'सरक्त विवाह' किंवा सोप्या भाषेत 'नात्यातील लग्न'. मात्र 'नात्यातील' हा शब्द आपल्याकडे सैलपणे वापरला जातो आणि तेथेच चूक होते. वहिनीची बहीण किंवा मेहुण्याचा चुलतभाऊ हे नात्यातील असले, तरी रक्ताचे नव्हेत. त्यांच्याशी झालेले लग्न या रकान्यात मोडत नाही. मामाच्या मुलीशी, आत्याच्या मुलाशी किंवा मामा-भाचीचे झालेले लग्न मात्र निश्चितपणे मोडते. सांगली, कोल्हापूर आणि लगतच्या कर्नाटकात अनेक समाजांत मामाच्या मुलीशी लग्न करण्याची जुनी रीत आहे, म्हणून हा रकाना आपल्या भागात विशेष महत्त्वाचा आहे.

आनुवंशशास्त्रात साधारणपणे दुसऱ्या पिढीतील चुलत-मावस-मामे भावंडांपर्यंतचे, म्हणजे ज्यांचे आजी-आजोबा एकमेकांची सख्खी भावंडे होती त्यांच्यापर्यंतचे, किंवा त्याहून जवळचे नाते असल्यास विवाह सरक्त मानतात. सख्ख्या मामे-आते भावंडांमध्ये सरासरी १/८ जनुके सामायिक असतात, तर मामा आणि भाची यांच्यात १/४. दोघांकडेही एकाच पूर्वजाकडून आलेले सदोष जनुक असल्यास ते अपत्यात एकत्र येण्याची शक्यता वाढते. चुलत-मामे भावंडांच्या अपत्यांत जन्मजात दोषाचा धोका सामान्यांपेक्षा साधारणतः २ ते ३ टक्क्यांनी अधिक धरला जातो. याचा अर्थ बहुसंख्य मुले निरोगीच जन्मतात, परंतु डॉक्टरांना आधी कळले तर योग्य त्या तपासण्या वेळेवर करता येतात. म्हणून संकोचाने किंवा सासूबाई काय म्हणतील या विचाराने हा रकाना कोरा ठेवू नये किंवा त्यात 'नाही' असे लिहू नये. नाते नेमके कोणते, तेही लिहावे.

१४. कायद्याच्या पुस्तकात 'कन्सँग्विनिटी' आणि 'अ‍ॅफिनिटी' असे दोन शब्द आहेत. मराठीत फरक कसा दाखवावा?

मराठीत हा फरक फार सुरेख रीतीने आधीच केलेला आहे: सगे आणि सोयरे. सगे रक्ताचे आणि सोयरे लग्नाने जोडलेले. 'कन्सँग्विनिटी' म्हणजे सगेपणा आणि 'अ‍ॅफिनिटी' म्हणजे सोयरीक. १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार अधिनियमाच्या कलम २४ मध्ये एकाच पूर्वजापासून उतरलेल्या व्यक्तींचे नाते, अशी 'कन्सँग्विनिटी'ची व्याख्या केली आहे. हिंदूंच्या विनामृत्युपत्र वारसाहक्काला मात्र १९५६ चा हिंदू उत्तराधिकार अधिनियम लागू होतो आणि त्यात गोत्रज, भिन्नगोत्रज अशी निराळी परिभाषा आहे.

विवाहाच्या बाबतीत १९५५ च्या हिंदू विवाह अधिनियमातील 'सपिंड' ही संकल्पना पाहावी लागते. आईकडून तीन आणि वडिलांकडून पाच पिढ्यांपर्यंतचे नाते सपिंड मानलेले असून रूढीची मान्यता नसेल तर असा विवाह वर्ज्य आहे. भाऊ आणि बहीण यांच्या अपत्यांचा परस्परांशी विवाहही निषिद्ध नात्यांत येतो. प्रश्न १३ मधील मामाच्या मुलीशी होणारा विवाह रूढीच्या अपवादामुळेच वैध ठरतो. 'सपिंड' म्हणजे ज्यांच्या देहात समान अंश आहेत ते, असा अर्थ विज्ञानेश्वरांच्या 'मिताक्षरा' या धर्मशास्त्रावरील टीकाग्रंथाने लावला आहे. लॅटिनने रक्त म्हटले आणि संस्कृताने पिंड म्हटले, तरी दोन्हींमागील कल्पना फार जवळच्या आहेत. तरीही दोन्ही संज्ञा कायद्याच्या मसुद्यात एकमेकींच्या जागी वापरू नयेत, कारण 'सपिंड' या संज्ञेला पिढ्यांची मर्यादा आहे.

१५. व्यक्तिमत्त्व विकास शिबिरात मला 'सँग्विन टाइप' सांगितले. याला शास्त्रीय आधार आहे का?

प्रश्न ३ मधील चार स्वभावांचेच हे आधुनिक रूप आहे. अशा शिबिरांत बोलका, मिळून-मिसळून राहणारा, उत्साही पण चिकाटीत कमी पडणारा, अशा व्यक्तीला हे नाव देतात. मानसशास्त्रज्ञ हान्स आयझेंक यांनी बहिर्मुख आणि भावनिकदृष्ट्या स्थिर व्यक्तीचे वर्णन जुन्या 'सँग्विन' स्वभावाशी जुळते, असे दाखवले होते. परंतु आजच्या संशोधनात माणसांचे असे चार कप्पे केले जात नाहीत. स्वतःविषयी बोलण्यास एक शब्द मिळाला, एवढेच त्याचे मोल समजावे. त्यावरून शाखा किंवा नोकरी निवडू नये.

१६. होमिओपॅथीच्या 'सँग्विनेरिया' या औषधाचा याच्याशी संबंध आहे का?

नावापुरता संबंध आहे. उत्तर अमेरिकेतील एका वनस्पतीच्या मुळाशी छेद दिला असता रक्तासारखा लालसर चीक निघतो, म्हणून तिच्या शास्त्रीय नावात हा शब्द आला. औषधाच्या गुणाविषयी किंवा मनाच्या उभारीविषयी या नावातून काहीच सूचित होत नाही.

१७. इंग्रजी कादंबऱ्यांत 'सँ-फ्र्वा' हा शब्द येतो. तोही रक्ताचाच आहे का?

होय. फ्रेंचमध्ये त्याचा शब्दशः अर्थ 'थंड रक्त' असा आहे. परंतु इंग्रजीत तो संकटातही न डगमगणाऱ्या शांतपणासाठी, म्हणजे गुणाच्या अर्थाने, वापरला जातो. 'कोल्ड-ब्लडेड' हा इंग्रजी शब्द मात्र निर्दयपणा दाखवतो. मराठीतील 'थंड डोक्याने' हा प्रयोग दोन्हीकडे चालतो, म्हणून भाषांतर करताना वाक्याचा रोख पाहून 'धीराने' किंवा 'निर्विकारपणे' असा नेमका शब्द योजावा.

१८. 'संगमरवर'मधील 'संग', संस्कृत 'संगम' किंवा आपली 'सांगली' यांच्याशी या शब्दाचे नाते आहे का?

नाही. 'संगमरवर'मधील 'संग' हा दगड या अर्थाचा फारसी शब्द आहे, 'संगम' हा संस्कृत 'गम्' धातूपासून आला आहे आणि सांगलीच्या नावाची उपपत्ती लोक 'सहा गल्ल्या' अशी सांगतात. ध्वनिसाम्यापलीकडे यांत काही नाही. रक्तवाचक संस्कृत 'असृज्' या शब्दाचे नाते जुन्या लॅटिनमधील एका लोप पावलेल्या शब्दाशी आहे; 'सँग्विस'ची व्युत्पत्ती मात्र निश्चित नाही.

१९. एकोणिसाव्या शतकातील इंग्रजी पत्रांत हा शब्द वारंवार येतो. तेथे कोणता अर्थ घ्यावा, हे कसे ठरवायचे?

१८३९ मध्ये प्रतापसिंह महाराजांना पदच्युत करण्यात आले आणि १८४८ मध्ये सातारचे राज्य खालसा झाले. त्या काळातील इंग्रजी कागद वाचणाऱ्यांना ही अडचण नेहमी येते, कारण तेव्हा या विशेषणाचे जुने आणि नवे अर्थ एकाच वेळी वापरात होते. शेजारचे नाम पाहणे, हा यावरील सर्वांत विश्वासार्ह उपाय आहे. 'कॉम्प्लेक्शन' किंवा 'काउंटेनन्स' हे शब्द शेजारी असतील, तर चेहऱ्याची लाली अभिप्रेत असते. मात्र त्याहून जुन्या, सतराव्या शतकापूर्वीच्या लेखनात 'कॉम्प्लेक्शन' म्हणजे वर्ण नसून द्रवांच्या मिश्रणातून बनलेली प्रकृती, हे लक्षात ठेवावे. चौदाव्या शतकातील इंग्रज कवी चॉसरने आपल्या कथाकाव्यातील जमीनदाराला याच अर्थाने 'सँग्विन' म्हटले आहे. 'टेंपर', 'टेंपरामेंट' किंवा 'डिस्पोझिशन' असेल, तर उत्साही, चटकन भरवसा ठेवणारा स्वभाव सांगितलेला असतो. 'होप्स' किंवा 'एक्स्पेक्टेशन्स' असेल, तर शब्द निव्वळ तीव्रता दाखवतो आणि 'मोठ्या आशा' एवढे भाषांतर पुरते.

एखाद्या दरबारी व्यक्तीला इंग्रज अधिकाऱ्याने 'सँग्विन' म्हटले असल्यास विशेष सावध राहावे. तेथे पुष्कळदा 'याच्या अपेक्षा वास्तवापेक्षा मोठ्या आहेत' असा अधिकाऱ्याचा ग्रह व्यक्त होत असतो. तो त्या व्यक्तीचा सिद्ध झालेला गुणधर्म नव्हे. अशा ठिकाणी 'ते आशावादी होते' असे न लिहिता 'त्यांना फार भरवसा वाटत असल्याचे अधिकाऱ्याचे मत होते' असे लिहावे, म्हणजे मत कोणाचे आहे ते वाचकाला कळते. लढाईच्या वर्णनात रक्तपाताचा अर्थ दिसत असेल, तर मूळ हस्तलिखितातील शेवटची अक्षरे पुन्हा तपासावीत. तो शब्द बहुधा प्रश्न ८ मधील 'सँग्विनरी' असतो आणि घाईच्या अक्षरात त्याचा शेवट नीट उमटलेला नसतो.